मूक वार्तापटाचा संकलक : दृश्यांचा अन्वय आणि पाटीवरील वाक्य

१. विषयाची मांडणी

चित्रपटाच्या इतिहासात दिग्दर्शक, नट आणि कॅमेरा चालवणारा यांची नोंद सहज होते. चित्रफितीचे तुकडे निवडून ते एकमेकांस जोडणाऱ्या संकलकाची नोंद क्वचितच होते. मूक काळातील वार्तापटाच्या संकलकाच्या वाट्याला तर जवळजवळ संपूर्ण अनामिकता आली. भाषेच्या अभ्यासकाला मात्र या विस्मृत कामगाराच्या कामात विशेष रस वाटावा असे सबळ कारण आहे. ध्वनी नसलेल्या वार्तापटात घटनेचे कथन करण्यासाठी दोनच साधने उपलब्ध होती : एक, दृश्यांचा क्रम, आणि दुसरे, त्या दृश्यांच्या मध्ये येणारी मजकुराची पाटी. ही दोन्ही साधने संकलकाच्या हाती एकवटली होती. किंबहुना, घटना टिपण्याचे काम कॅमेऱ्याचे असले, तरी त्या घटनेविषयी काही विधान करण्याचे काम संकलकाचे होते.

येथे 'मूकपट' या शब्दाविषयी एक गोष्ट ध्यानात ठेवली पाहिजे. या शब्दाची गरज 'बोलपट' अस्तित्वात आल्यावर भासली. तोपर्यंत हलत्या चित्रांना मुकी म्हणण्याचे प्रयोजन नव्हते. कारण ती मुकी आहेत असे कोणास वाटतच नव्हते. पाटीवरील मजकूर, तो मोठ्याने वाचणारा शेजारी, वादकांची साथ आणि प्रेक्षकांची आपसांतील चर्चा यांनी चित्रगृह भरलेले असे. म्हणून त्या काळच्या वार्तापटाचा विचार 'भाषेविना चित्र' असा न करता 'चित्र आणि भाषा यांचा एक विशिष्ट संयोग' असा करणे अधिक युक्त होय. हा संयोग कसा घडत असे, आणि वार्तापटाचे खरेखोटेपण त्यात नेमके कोठे वसत असे, हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

२. संकलकाचे प्रत्यक्ष काम

पस्तीस मिलिमीटर रुंदीच्या फितीवर एका फुटात सोळा चित्रे बसतात. मूक काळात सेकंदाला सुमारे सोळा चित्रे हा वेग सर्वसाधारण मानला जाई. म्हणजे एक फूट फीत पडद्यावर साधारण एक सेकंद टिके आणि हजार फुटांचे एक रीळ सोळा-सतरा मिनिटे चाले. यंत्र हाताने फिरवले जात असल्याने हा वेग कमीअधिक होई, हे खरे. तथापि फुटांचा आणि सेकंदांचा हा मेळ संकलकाच्या बोटांत मुरलेला असे. फितीची लांबी हातांनी मोजली की काळ मोजला जाई.

त्याची हत्यारे अगदी साधी होती : कात्री, भिंग, खालून उजेड पाडणारी काच, ब्लेड आणि फीत चिकटवण्याचा द्रव. दोन तुकडे जोडताना एकाच्या कडेवरचा रासायनिक थर खरवडून काढावयाचा, द्रवाचे बोट फिरवावयाचे आणि दुसऱ्या तुकड्याची कडा त्यावर दाबून धरावयाची, असा तो क्रम. तुकडा हलताना पाहण्यासाठी 'मूव्हिओला' हे यंत्र १९२४ साली निघाले. त्यापूर्वी फीत उजेडापुढे धरून, बोटांतून सरकवीत, स्थिर चित्रांवरून हालचालीचा अंदाज बांधावा लागे. वार्तापटात वेळेची निकड असे. म्हणून धनप्रत काढून त्यावर विचार करण्याऐवजी अनेकदा मूळ निगेटिव्हवरच कात्री चालवली जाई. ज्या फितीवर काळे ते पांढरे आणि पांढरे ते काळे दिसते, तीवरून चेहरे ओळखून निर्णय घेणे हे कौशल्य अभ्यासानेच साधणारे होते. त्यातच नायट्रेटची फीत अतिशय ज्वालाग्राही. दिव्याजवळचे हे काम धोक्याचेही होते.

या कामात स्त्रियांचा वाटा मोठा होता, आणि तो फारसा नोंदला गेला नाही. दादासाहेब फाळके यांच्या पत्नी सरस्वतीबाई यांनी कोऱ्या फितीच्या कडांना छिद्रे पाडण्यापासून फीत धुण्यापर्यंतची कामे केली, हे आता सर्वश्रुत आहे. रशियात झिगा व्हर्टॉव्ह यांच्या वार्तापटांचे संकलन करणाऱ्या एलिझावेता स्विलोव्हा यांना 'मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा' (१९२९) या चित्रपटात आपल्या बाकावर काम करताना पाहता येते. फडताळात रचलेल्या फितींच्या गुंडाळ्या, उजेडाच्या काचेवर ठेवलेला तुकडा, क्षणभर थबकून चालणारी कात्री – मूक काळातील संकलकाच्या कामाचे इतके स्पष्ट चित्रण दुसरीकडे विरळाच आढळते. फाळक्यांनीही चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणारा एक लघुपट केला होता आणि त्याचा काही भाग उपलब्ध आहे.

३. मराठी आरंभ : संकलकाविना संकलन

७ जुलै १८९६ रोजी मुंबईतील वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंची हलती चित्रे दाखवली गेली. त्यानंतर तीनच वर्षांनी हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा (१८६८–१९५८), यांनी लंडनहून मागवलेल्या कॅमेऱ्याने मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती टिपली. फीत धुण्याची सोय येथे नसल्याने ती लंडनला पाठवावी लागली. १९०१ साली केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेत प्रथम स्थान मिळवून रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे मायदेशी परतले, तेव्हा त्यांच्या मुंबईतील स्वागताचे चित्रण सावेदादांनी केले. भारतातील पहिला वार्तापट म्हणून सामान्यतः याच चित्रणाचा निर्देश केला जातो. पुढे जानेवारी १९०३ मध्ये लॉर्ड कर्झन यांनी भरवलेल्या दिल्ली दरबाराचेही चित्रण त्यांनी केले.

या चित्रणांना आजच्या अर्थाने 'संकलक' नव्हता. फिती आखूड असत. कॅमेऱ्याचा दांडा केव्हा फिरवावयाचा आणि केव्हा थांबवावयाचा, हाच काय तो निर्णय. पण हा निर्णयही निवडीचाच आहे, आणि निवड आली की संकलनाचे बीज आलेच. परांजपे यांच्या स्वागतासारख्या प्रसंगी गर्दी जमण्याचा, वाट पाहण्याचा आणि पांगण्याचा काळ मिळून काही तासांचा होतो; फितीवर येतो तो काही क्षणांचा. उरलेला काळ वगळताना घटनेला 'आरंभ' आणि 'शेवट' दिले जातात, जे घटनेत मुळात नसतात.

राहिला प्रश्न भाषेचा. चित्राच्या क्रमाला मुखाने अर्थ देण्याची परंपरा महाराष्ट्रात चित्रपटापूर्वीच रुजलेली होती. सिंधुदुर्गातील पिंगुळीचे चित्रकथी एकेक चित्र समोर धरून कथा सांगत. कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धन यांनी १८९२ च्या सुमारास 'शांभरिक खरोलिका' या नावाने रंगवलेल्या काचांचे दीपप्रयोग सुरू केले, त्यांतही चित्रांना वाणीची जोड होती. याहून प्राचीन उदाहरण गारखेडा परिसरापासून सुमारे शंभर किलोमीटरवर आहे. अजिंठ्याच्या दोन क्रमांकाच्या लेण्यात काही जातकचित्रांलगत आर्यशूराच्या 'जातकमाले'तील श्लोक रंगवलेले आहेत, आणि त्यांच्या आधारेच विद्वानांना त्या चित्रांतील कथा निश्चित करता आल्या. चित्र दिसते, पण ते कोणाचे हे अक्षरे सांगतात. वार्तापटातील पाटीचे मूळ कार्य याहून निराळे नाही.

४. नियतकालिक वार्तापट आणि पाटीचे व्याकरण

पॅरिसमध्ये १९०८-०९ च्या सुमारास पाथे कंपनीने ठरावीक काळाने निघणारा वार्तापट सुरू केला. १९१० साली त्याची इंग्लंडमधील आवृत्ती निघाली आणि १९११ पासून 'टॉपिकल बजेट' हा ब्रिटिश वार्तापट निघू लागला, तो १९३१ पर्यंत चालला. आठवड्यातून दोनदा निघणाऱ्या अशा अंकाची लांबी सुमारे तीनशे फूट, म्हणजे पाच मिनिटे. आणि त्यात चार-पाच वार्ता. प्रत्येक वार्तेच्या वाट्याला साठेक फूट येत. या साठ फुटांतच पाटीचाही हिस्सा असे.

पाटी किती वेळ ठेवावयाची, याविषयी 'शब्दाला सुमारे एक फूट' असा ठोकताळा त्या काळी प्रचलित होता. म्हणजे दहा शब्दांच्या पाटीला दहा फूट लागत, आणि तेवढे दृश्य कमी करावे लागे. भारतात हा प्रश्न अधिक बिकट होता, कारण एकाच चित्रगृहात अनेक भाषांचे प्रेक्षक बसत. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्रा'च्या उपलब्ध प्रतीतील पाट्या एकाहून अधिक भाषांत आहेत. तीन भाषांच्या पाट्या एकामागून एक दाखवल्या तर दहा शब्दांचे तीस सेकंद होतात. एकाच पाटीवर तिन्ही भाषा बसवल्या तर जागा तिसऱ्या हिश्शावर येते. दोन्ही बाजूंनी निष्कर्ष एकच : वाक्य आखूड हवे. शिवाय अक्षरओळख नसलेल्या प्रेक्षकांसाठी ते कोणीतरी मोठ्याने वाचणार; म्हणून ते उच्चारालाही सोपे हवे.

अशा दडपणाखाली मराठी वाक्याचे काय होते, हे पाहण्यासाठी परांजपे यांच्या आगमनाच्या चित्रणास तीन पाट्या कल्पून पाहता येतील. पुढील वाक्ये केवळ विवेचनासाठी रचली आहेत.

(अ) रँग्लर परांजपे यांचे मुंबईत आगमन.
(आ) रँग्लर परांजपे मुंबईस आले.
(इ) विजयी रँग्लर परतताच मुंबईकरांनी त्यांचे उत्स्फूर्त स्वागत केले.

पहिल्या पाटीत आख्यात नाही. 'आगमन' हे नाम क्रियापदाचे काम करते. आख्यात नसल्याने काळही नाही. ही पाटी घटनेनंतर आठवड्याने मुंबईत दाखवली वा वर्षाने नाशकात दाखवली, तरी जुनी वाटत नाही. आगमन, प्रस्थान, स्वागत, उद्घाटन, समारंभ ही नामे वृत्तलेखनाला इतकी सोयीची का, याचे एक कारण हेच होय : ती घटनेला नाव देतात, पण तिला काळाशी बांधत नाहीत. दुसऱ्या पाटीत 'आले' या क्रियापदाने काळ निश्चित होतो. वाक्य पूर्ण विधान बनते आणि म्हणूनच ते खरे किंवा खोटे ठरू शकते. तिसऱ्या पाटीत तीन गोष्टी अशा आहेत, की ज्या कोणत्याही चित्रात दिसणे शक्य नाही. 'विजयी' हा निवाडा आहे. 'उत्स्फूर्त' हा जमावाच्या मनाविषयीचा दावा आहे. आणि 'परतताच' यातील 'ताच' हा प्रत्यय दोन घटनांमध्ये निकटचा कालसंबंध प्रस्थापित करतो. गर्दी दिसेल, हार दिसतील; पण गर्दी आपण होऊन जमली की जमवली, हे फीत सांगू शकत नाही.

दृश्याला ज्या व्याकरणिक शक्ती नाहीत, त्यांची यादी यावरून करता येते. दृश्यात विशेषनाम नाही : माणूस दिसतो, त्याचे नाव दिसत नाही. दृश्यात निषेध नाही : 'पाहुणे आले नाहीत' हे दाखवता येत नाही, फार तर रिकामी खुर्ची दाखवता येते. दृश्यात भूतकाळ नाही : पडद्यावर जे आहे ते सदैव वर्तमानात घडत असते. आणि दृश्यात 'म्हणून' किंवा 'कारण' ही अव्यये नाहीत. या चारही उणिवा पाटी भरून काढते. परंतु शेवटची, म्हणजे कारणसंबंधाची उणीव संकलक पाटीवाचूनही, केवळ क्रमाच्या बळावर भरून काढू शकतो. त्याच्या कामातील सर्वांत सामर्थ्यशाली आणि सर्वांत धोक्याचा भाग तो हाच.

५. आकांक्षा, योग्यता, सन्निधी

वाक्यार्थबोधासाठी भारतीय शास्त्रकारांनी तीन अटी सांगितल्या आहेत. पदांना परस्परांची अपेक्षा असावी, ही आकांक्षा. पदांच्या अर्थांत विरोध नसावा, ही योग्यता. आणि पदे एकमेकांच्या जवळ, विलंबावाचून उच्चारली जावीत, ही सन्निधी. विस्तवाने झाड शिंपले, असे म्हटल्यास योग्यता भंगते. एक पद सकाळी आणि दुसरे संध्याकाळी उच्चारल्यास सन्निधी भंगते.

ही त्रयी संकलनाला लावून पाहिली असता एक महत्त्वाचा भेद स्पष्ट होतो. संकलक प्रत्यक्षात निर्माण करतो ती केवळ सन्निधी. तो दोन तुकडे जवळ आणतो, इतकेच. आकांक्षा प्रेक्षक स्वतः पुरवतो : एकापाठोपाठ आलेली दृश्ये परस्परसंबद्ध असलीच पाहिजेत, असे तो गृहीत धरतो. आणि योग्यतेची परीक्षा करण्याचे साधन प्रेक्षकाजवळ नसते. कारण दोन्ही तुकडे एकाच दिवसाचे, एकाच ठिकाणचे आहेत की नाहीत, हे तुकड्यांवर लिहिलेले नसते. भाषेत अयोग्य वाक्य श्रोत्याला तत्काळ खटकते. संकलनात मात्र अयोग्य जोड बिनबोभाट खपून जातो.

याचे एक बोधप्रद उदाहरण सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणाचे आहे. १९०३ चा दिल्ली दरबार याच घटनेप्रीत्यर्थ भरला होता. समारंभ २६ जून १९०२ रोजी व्हावयाचा होता. ॲबीच्या आत चित्रणाची सोय नसल्याने चार्ल्स अर्बन यांच्यासाठी जॉर्ज मेलिएस यांनी फ्रान्समध्ये देखावा उभारून, नटांकरवी, राज्यारोहणाचा चित्रपट आधीच तयार करून ठेवला. राजा आजारी पडला आणि प्रत्यक्ष समारंभ ९ ऑगस्टला झाला. म्हणजे घटनेचे 'चित्रण' घटनेच्या आधीच पुरे झाले होते. मिरवणुकीचे खरे तुकडे आणि आतील विधीचा रचलेला भाग हे एकाच कार्यक्रमात दाखवले, की सन्निधी साधली. बाकीचे काम प्रेक्षकाच्या आकांक्षेने केले. अर्थात मेलिएस यांचा हेतू फसवणुकीचाच होता असे म्हणता येणार नाही. पुनर्रचित घटनेचे चित्रपट त्या काळी सर्रास निघत. प्रश्न हेतूचा नसून रचनेचा आहे : खरा आणि रचलेला यांतील सीमारेषा फितीवर उमटत नाही, ती पाटीनेच सांगावी लागते.

याच्या उलट टोकाला रशियातील एस्फिर शुब यांचे काम आहे. 'रोमानोव्ह राजवंशाचे पतन' (१९२७) या चित्रपटासाठी त्यांनी जुन्या वार्तापटांची आणि झारच्या घरगुती चित्रणाची सुमारे ६०,००० मीटर फीत तपासली. सोळा चित्रांच्या वेगाने ती नुसती पाहावयाची म्हटली तरी पन्नास तासांहून अधिक वेळ लागावा. त्यातून सुमारे १,५०० मीटरचा चित्रपट सिद्ध झाला. त्यात त्यांनी मुख्यतः इतरांनीच टिपलेली दृश्ये योजली. एके ठिकाणी जहाजावर नाचून घामाघूम झालेली प्रतिष्ठित मंडळी दिसतात, आणि त्यालगत घाम गाळीत खणणारे श्रमिक. पहिला तुकडा ज्याने टिपला त्याला त्यात राजनिष्ठेखेरीज काही अभिप्रेत नसावे. केवळ शेजार बदलल्याने तोच तुकडा राजवटीविरुद्धचा पुरावा झाला. येथे एकही चित्र खोटे नाही. तरीही विधान चित्रांचे नाही. ते शुब यांचे आहे, आणि त्यांनी ते लपवलेलेही नाही.

दोन्ही उदाहरणांचा निष्कर्ष एकच. चित्र अस्तित्वाची साक्ष देते, विधान करीत नाही. विधान जोडात आणि पाटीत असते. म्हणून वार्तापट खरा की खोटा, हा प्रश्न कॅमेऱ्याला न विचारता संकलकाला विचारला पाहिजे.

६. आवाजाचे आगमन आणि अभ्यासकापुढील प्रश्न

१९२७ मध्ये अमेरिकेत फॉक्स कंपनीचा बोलका वार्तापट सुरू झाला. भारतात १४ मार्च १९३१ रोजी 'आलम आरा' प्रदर्शित झाला. पाटीची जागा निवेदकाच्या आवाजाने घेतली. १९४३ चे 'इंडियन न्यूज परेड' आणि १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे वार्तापट हे या बोलक्या काळातील होत. या बदलाने एक गोष्ट मात्र झाकली गेली. पाटी चित्राला थांबवून येत असे; म्हणून 'हे चित्र' आणि 'हे विधान' असा भेद प्रेक्षकाच्या डोळ्यांना दिसे. आवाज चित्रावरच पसरतो आणि तो भेद बुजवतो. त्या दृष्टीने मूक वार्तापट अधिक उघड होता.

या विवेचनाचे व्यावहारिक प्रयोजन आहे. भारतात मूक काळात सुमारे तेराशे चित्रपट निघाले असे मानले जाते. त्यांपैकी पूर्ण वा अंशतः उरलेले तीसहूनही कमी आहेत. सावेदादांची चित्रणे आज उपलब्ध नाहीत. उरली आहेत ती त्यांची नावे, म्हणजे चित्रावाचूनची पाटी. उलट, पाटी वा नोंद हरवलेला तुकडा हाती आला, तर तो स्वतःविषयी फारच थोडे सांगतो. 'राजा हरिश्चंद्रा'ची उपलब्ध रिळे दीर्घकाळ १९१३ च्या मूळ चित्रपटाची समजली गेली. ती फाळक्यांनीच १९१७ साली नव्याने केलेल्या चित्रपटाची असावीत, असे आता अनेक अभ्यासक मानतात. इतक्या प्रसिद्ध कृतीच्या बाबतीतही चित्र आपली तारीख सांगू शकले नाही. मग कोण्या जुन्या वाड्यात सापडलेल्या, मिरवणुकीच्या निनावी फितीची काय कथा?

तेव्हा जुन्या वार्ताचित्रणाची नोंद करणाऱ्याने तीन गोष्टी स्वतंत्रपणे नोंदवाव्यात. दृश्यात प्रत्यक्ष काय दिसते, ही पहिली. पाटीवर काय म्हटले आहे, कोणत्या भाषेत आणि कोणत्या वाक्यरचनेत, ही दुसरी. आणि तुकडे कोठे जोडले आहेत, त्या सांध्यांच्या दोन्ही बाजूंची फीत एकाच जातीची आहे की नाही, ही तिसरी. पहिली नोंद डोळ्यांची, दुसरी भाषाभ्यासकाची आणि तिसरी फीत हाताळणाऱ्या तंत्रज्ञाची आहे. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासारख्या, १९६४ पासून हा वारसा जपणाऱ्या संस्थेच्या कामात भाषाविज्ञानाच्या विद्यार्थ्याला करण्यासारखे काय आहे, असा प्रश्न विचारला जातो. त्याचे उत्तर या दुसऱ्या नोंदीत आहे. पाटीवरील एक प्रत्यय, एक विशेषण किंवा गाळलेले एक क्रियापद यांतून संकलकाने घटनेविषयी काय म्हटले आणि काय म्हणण्याचे टाळले, हे कळू शकते. ज्याचे नाव कोठेही उरले नाही, त्या कारागिराचा हात ओळखण्याचा हाच एक खात्रीचा मार्ग आहे.